डिस्चार्ज कार्डापलीकडची फाइल

रुग्णालयातून सुट्टी मिळते त्या दुपारी घरच्यांच्या हातात डिस्चार्ज कार्ड येतं, बिलाच्या पावत्या येतात, गोळ्यांची पिशवी आणि एक्स-रेचं मोठं पाकीट येतं. रुग्णाला व्हीलचेअरवरून दारापर्यंत आणायचं, रिक्षावाल्याला थांबवून धरायचं, घरी फोन करायचा, या धांदलीत एक वस्तू मागे राहते आणि ती राहिली हे कुणाच्या ध्यानातही येत नाही. सिस्टरांच्या टेबलावरची, रुग्णाचं नाव आणि आयपीडी क्रमांक घातलेली जाड फाइल. दवाखान्यात तिला इनडोअर केसपेपर म्हणतात.

डिस्चार्ज कार्ड म्हणजे त्या फाइलचा दोन पानी गोषवारा. बहुधा तो निवासी डॉक्टर लिहितात, सुट्टीच्या दिवशीच्या गर्दीत. रोगाचं नाव, ऑपरेशनचं नाव, घरी घ्यायच्या गोळ्या आणि पुन्हा कधी यायचं, एवढं त्यात असतं. बहुतेकांचं तेवढ्यावर भागतं. ज्यांचं भागत नाही, त्यांना मात्र पुढे गोषवारा पुरत नाही, मूळ लागतं. नवे डॉक्टर विचारतात, कुठलं इंजेक्शन दिल्यावर पुरळ उठलं होतं? भूल देताना श्वासनळीत नळी घालायला त्रास झाला होता का? रक्त किती पिशव्या दिलं? या प्रश्नांची उत्तरं घरच्या माणसांना ठाऊक नसतात, कारण त्या वेळी ती बाहेरच्या बाकावर बसलेली असतात. उत्तरं फाइलमध्ये असतात.

ही फाइल एकदा सावकाश उलटून पाहावी. पहिलं पान दाखल होतानाचं: काय होतंय, कधीपासून, आधीचे आजार, कशाची ॲलर्जी. मग सह्या केलेली संमतिपत्रं. रोजच्या राउंडच्या नोंदी, बऱ्याचदा वाचता न येणाऱ्या अक्षरात. औषधांचा तक्ता, त्यात प्रत्येक डोस दिल्याची वेळ आणि देणाऱ्या सिस्टरची सही. टीपीआर चार्ट, म्हणजे ताप, नाडी आणि श्वास यांचा आलेख. किती पाणी पोटात गेलं आणि किती लघवी झाली याचा हिशोब. ऑपरेशन झालं असेल तर सर्जनची नोंद वेगळी आणि भूलतज्ज्ञाची वेगळी. भूलतज्ज्ञाच्या कागदावर साधारण दर पाच मिनिटांनी नाडी आणि रक्तदाबाच्या खुणा केलेल्या असतात. तीन तासांच्या शस्त्रक्रियेत रुग्णाच्या शरीरानं काय काय सोसलं, ते त्या एका पानावर दिसतं. रक्त चढवलं असेल तर पिशवीच्या क्रमांकाची चिठ्ठी. आणि शरीरात काही बसवलं असेल, स्टेंट, कृत्रिम सांधा, डोळ्यातलं भिंग, तर त्याच्या खोक्यावरचं लेबल. टपाल तिकिटाहून थोडंसं मोठं. त्यावर कंपनी, मॉडेल, माप आणि लॉट क्रमांक.

या लेबलाची किंमत काय, हे एएसआर सांध्यांच्या प्रकरणानं दाखवून दिलं. जॉन्सन अँड जॉन्सनच्या डीप्यू या कंपनीनं बनवलेले हे खुब्याचे सांधे २०१० च्या ऑगस्टमध्ये जगभरातून परत मागवण्यात आले. त्यात धातूवर धातू घासून कोबाल्ट आणि क्रोमियमचे कण आसपासच्या पेशींत आणि रक्तात उतरत होते, आणि अनेकांना काही वर्षांतच दुसऱ्यांदा शस्त्रक्रियेला सामोरं जावं लागत होतं. भारतात अशा सुमारे ४,७०० शस्त्रक्रिया झाल्या होत्या. केंद्र सरकारनं नेमलेल्या तज्ज्ञ समितीचा अहवाल २०१८ साली समोर आला, तेव्हा त्यांतल्या साडेतीन हजारांहून जास्त रुग्णांचा पत्ताच लागलेला नव्हता. आपल्या खुब्यात कुठल्या कंपनीचा सांधा आहे हे माहीत नसलेला माणूस दुखणं वयाचं समजून सहन करत राहणार. ज्याच्याजवळ लेबलाची झेरॉक्स होती, त्याला ते वर्तमानपत्रातल्या नावाशी ताडून पाहता येत होतं. म्हणून गुडघा, खुबा, स्टेंट, पेसमेकर किंवा भिंग बसवलेल्या प्रत्येकानं बाकी काही नाही तरी ते एक पान मागून घ्यावं, असं माझं सांगणं आहे.

सुट्टी झाली की फाइल एमआरडीत जाते. मेडिकल रेकॉर्ड डिपार्टमेंट. मोठ्या रुग्णालयात हा विभाग बहुधा तळघरात किंवा मागच्या इमारतीत असतो, लोखंडी मांडण्या, क्रमांकांनुसार लावलेले गठ्ठे, ओल येऊ नये म्हणून सतत चालू ठेवलेला पंखा. अशाच एका ट्रस्टच्या रुग्णालयातल्या एमआरडीच्या खिडकीजवळ मी बराच वेळ बसले होते. पन्नाशीचे एक गृहस्थ आले.

“मॅडम, आईचे पेपर पायजे होते.”

“कशाला हवेत काका? क्लेम आहे का?”

“नाय. मुंबईला दुसऱ्या डॉक्टरला दाखवायचंय.”

“मग डिस्चार्ज कार्ड चालतं की.”

“ते म्हणले, सगळी फाइल आणा.”

“सरांची सही लागेल. सर आज ओटीत आहेत, उद्या अकरापर्यंत या.”

काका पिशवी काखेत मारून निघून गेले. त्यांचं गाव एसटीनं दीड तासावर होतं. खिडकीमागच्या ताई वाईट नव्हत्या, उलट मनमिळाऊ होत्या. चहा सांगून त्यांनी त्यांची बाजू मला समजावून दिली. फाइल खाली आली की ती तपासावी लागते. कुठे डॉक्टरांची सही राहिलेली असते, कुठे ऑपरेशनची नोंद पूर्ण नसते, कुठे रिपोर्ट चिकटवायचा राहतो. अशा अर्धवट फायली परत वॉर्डात पाठवायच्या, मागे लागून सह्या घ्यायच्या, मग रोगाचा सांकेतिक क्रमांक टाकायचा, मग मांडणीत लावायच्या. माणसं दोन, फायली रोजच्या ढीगभर. “आणि कुणी पूर्ण फाइल मागितली की आम्हाला वर फोन करावा लागतो,” त्या म्हणाल्या. “वरून पहिला प्रश्न येतो, मागे वकील आहे का?”

सगळ्या अडचणीचं मूळ मला या प्रश्नात दिसतं. कागद मागणं म्हणजे तक्रार करणं, हे आपल्याकडे दोन्ही बाजूंनी धरून चालतात. रुग्णालयाला वाटतं, हा आता कोर्टात जाणार. रुग्णाच्या घरच्यांना वाटतं, मागितलं तर डॉक्टर दुखावतील आणि पुढच्या वेळी नीट बघणार नाहीत. त्यामुळे खरोखर भांडण झाल्याशिवाय कुणी मागत नाही, आणि भांडण झाल्यावरच मागितलं जात असल्यामुळे प्रत्येक मागणी भांडणाची वाटते. हे चक्र तोडायचं तर ज्यांची काहीही तक्रार नाही, उपचारांबद्दल समाधानच आहे, अशा माणसांनी रांगेत उभं राहून प्रती मागायला हव्यात. बँकेचं पासबुक भरून घेताना आपण मॅनेजरवर संशय घेत नसतो.

कायद्याच्या बाजूनं हा प्रश्न महाराष्ट्रात केव्हाच मिटलेला आहे. रघुनाथ रहेजा विरुद्ध महाराष्ट्र मेडिकल कौन्सिल या प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयानं १९९६ साली स्पष्ट केलं, की रुग्णानं किंवा त्याच्या जवळच्या नातेवाइकानं मागितल्यास केसपेपरच्या प्रती देणं रुग्णालयाला आणि डॉक्टरांना आवश्यक आहे. प्रतींचा वाजवी खर्च घेता येईल. पण रुग्णाच्याच कागदांबाबत गोपनीयतेचं कारण पुढे करता येणार नाही. तसं परिपत्रक राज्यातल्या सगळ्या रुग्णालयांना आणि डॉक्टरांना काढा, असा आदेशही न्यायालयानं कौन्सिलला दिला. पुढे २००२ साली भारतीय वैद्यक परिषदेच्या व्यावसायिक आचारसंहितेत नेमकी मुदत आली: रुग्णानं, त्यानं अधिकार दिलेल्या व्यक्तीनं किंवा कायदेशीर यंत्रणेनं नोंदी मागितल्या तर मागणीची पोच द्यायची आणि ७२ तासांच्या आत कागद द्यायचे. न देणं हे त्याच संहितेत गैरवर्तन ठरवलं आहे. अमेरिकेतला हिपा कायदा याच कामाला ३० दिवस देतो. म्हणजे कागदावर आपला नियम कितीतरी कडक आहे.

राष्ट्रीय मानवी हक्क आयोगानं तयार केलेल्या रुग्ण हक्कांच्या सनदेत तर याहून पुढची गोष्ट आहे. रुग्ण अजून दाखल असतानाही त्याला किंवा त्याची काळजी घेणाऱ्याला केसपेपर पाहायला मिळावेत, शक्यतो २४ तासांत, आणि सुट्टीनंतर ७२ तासांत. महाराष्ट्रानं शुश्रूषागृह नोंदणीचे नियम जानेवारी २०२१ मध्ये सुधारले, तेव्हा खासगी रुग्णालयांना रुग्ण हक्कांची सनद दर्शनी भागात लावणं बंधनकारक केलं. जन आरोग्य अभियानासारख्या संघटना त्यासाठी वर्षानुवर्षं झगडल्या आहेत. पुढच्या वेळी रुग्णालयात जाल तेव्हा ती सनद कुठे लावली आहे ते बघा. नसेल तर विचारा.

‘वेळ लागतो’ हे कारण मला पटत नाही, त्यामागे एक साधं निरीक्षण आहे. रुग्णाचा कॅशलेस विमा असेल, तर इनडोअर पेपर, रिपोर्ट, लेबलं, सगळं स्कॅन होऊन टीपीएकडे, म्हणजे विम्याचे दावे हाताळणाऱ्या संस्थेकडे जातं, बऱ्याचदा सुट्टीच्या आधीच. महात्मा जोतीराव फुले जन आरोग्य योजनेतही पूर्वपरवानगीसाठी आणि नंतरच्या दाव्यासाठी कागद अपलोड करावे लागतात. पैसे मिळवायचे असतात तिथे फाइल वेळेत उघडते. तेच स्कॅन रुग्णाच्या मुलाच्या मोबाइलवर पाठवायला कुठली अडचण आहे? त्यासाठी नवा कर्मचारी लागत नाही, नवं यंत्र लागत नाही.

आता फाइल किती वर्षं जपली जाते या प्रश्नाकडे येते, मला सर्वांत जास्त काळजी त्याचीच वाटते. २००२ च्या संहितेप्रमाणे आंतररुग्णांच्या नोंदी तीन वर्षं जपायच्या असतात, आणि ही तीन वर्षं मोजायची उपचार सुरू झाल्याच्या तारखेपासून. उपचार संपल्यापासून नव्हे. कर्करोगाच्या किंवा मूत्रपिंडाच्या रुग्णाचे उपचार चौथ्या वर्षीही चालू असतात आणि पहिल्या वर्षाची फाइल तोवर नियमानं रद्दीत गेलेली असू शकते. पोलीस प्रकरण असेल तर फायली अधिक काळ ठेवतात, चांगली रुग्णालयं स्वतःहून जास्त वर्षं जपतात, पण सक्ती तेवढीच.

सात महिन्यांत जन्मलेल्या, एनआयसीयूत, म्हणजे नवजात बाळांच्या अतिदक्षता विभागात, काचेच्या पेटीत महिनाभर राहिलेल्या बाळाचा विचार करा. जन्मवजन किती होतं, किती दिवस ऑक्सिजन दिला, डोळ्यांच्या पडद्याची तपासणी केव्हा झाली, ऐकण्याची चाचणी झाली का, कावीळ कितीवर गेली होती. मूल उशिरा चालू लागलं, शाळेत मागे पडू लागलं, की बालमेंदूतज्ज्ञ हेच प्रश्न विचारतात. तेव्हा मूल चार-पाच वर्षांचं झालेलं असतं. आईला वजन आठवतं, बाकीचं कसं आठवणार? एनआयसीयूतून बाळ घरी नेताना पूर्ण फाइल मागून घेणं हे लसीकरणाच्या कार्डाइतकंच गरजेचं आहे.

आणि कोविड. २०२१ च्या एप्रिल-मे महिन्यांत हजारो घरांतलं माणूस ॲम्ब्युलन्समधून गेलं ते परत दिसलंच नाही. आत कुणाला सोडत नव्हते. शेवटच्या दिवसांत ते शुद्धीवर होते का, ऑक्सिजन कधी वाढवला, रात्री त्यांच्याकडे कुणी पाहिलं का, याचा एकमेव हिशोब नर्सेस नोट्समध्ये आणि टीपीआर चार्टवर आहे. केंद्रानं जाहीर केलेल्या ५०,००० रुपयांच्या साहाय्यासाठी लोकांनी आरटीपीसीआरचा रिपोर्ट आणि मृत्यूचं प्रमाणपत्र शोधून काढलं, अर्ज केले; पण पूर्ण फाइल मागायचं सुचण्यासारखी मनःस्थिती त्या वेळी कुणाची होती? त्या फायलींची तीन वर्षं २०२४ मध्ये संपली. तुमच्या घरातलं कुणी त्या लाटेत गेलं असेल आणि मनात अजून प्रश्न असतील, तर मुदत संपली म्हणून गप्प बसू नका. नियमात तीन वर्षांनी फाइल नष्ट केलीच पाहिजे असं नाही. अनेक एमआरडींत जुने गठ्ठे तसेच पडून असतात. अर्ज करून बघा.

हा नियम बदलायची संधी आली होती. राष्ट्रीय वैद्यक आयोगानं २ ऑगस्ट २०२३ रोजी डॉक्टरांसाठी नवी आचारसंहिता अधिसूचित केली. तिच्यात नोंदींची तीन वर्षं शेवटच्या भेटीपासून धरली होती. प्रती देण्याची मुदत मात्र ७२ तासांवरून पाच कामकाजाच्या दिवसांवर नेली होती. जेनेरिक औषधांच्या सक्तीवरून गदारोळ झाला आणि २३ ऑगस्टला अख्खी संहिताच स्थगित झाली. त्या वादात नोंदींच्या कलमावर कुणी चार वाक्यंही बोललं नाही. माझ्या मते प्रौढ रुग्णाच्या नोंदी शेवटच्या भेटीपासून निदान दहा वर्षं आणि बाळांच्या नोंदी ती सज्ञान होईपर्यंत जपल्या पाहिजेत. स्कॅनिंगच्या काळात जागेची अडचण सांगणं मान्य होण्यासारखं नाही.

कागदाखेरीज आणखी एक गोष्ट रुग्णालयात राहते. बायोप्सीचा तुकडा. शरीरातून काढलेली गाठ किंवा अवयव पॅथॉलॉजीत गेला की त्याचे छोटे भाग मेणात बसवतात. त्याला ब्लॉक म्हणतात. आगपेटीपेक्षा लहान, प्लास्टिकच्या जाळीदार कॅसेटवर जमवलेला पांढरट मेणाचा ठोकळा, आतमध्ये तपकिरी ठिपक्यासारखी पेशींची चकती. त्याचे तीन ते पाच मायक्रॉन जाडीचे काप काढून काचेवर लावतात, रंगवतात, ती स्लाइड. ब्लॉक नीट ठेवला तर वर्षानुवर्षं टिकतो, आणि त्यातून पुन्हा काप काढून नव्यानं निदान करता येतं. मुंबईत टाटा स्मारक रुग्णालयात बाहेरगावाहून जाणाऱ्या रुग्णाकडे म्हणूनच आधीच्या ठिकाणचे स्लाइड आणि ब्लॉक मागतात. लोक नुसता रिपोर्ट घेऊन जातात आणि मग ब्लॉकसाठी परत गावी यावं लागतं. कर्करोगाच्या रुग्णाचे ते दिवस मोलाचे असतात. निघण्याआधीच लॅबकडे लेखी मागा, नीट गुंडाळून हातातल्या पिशवीत न्या.

याच पॅथॉलॉजी रिपोर्टची दुसरी बाजू बीड जिल्ह्यात उघडी पडली. ऊसतोडणीला जाणाऱ्या बायकांची गर्भाशयं मोठ्या संख्येनं काढली गेल्याच्या बातम्या २०१९ साली आल्या, नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली. पाहणी झालेल्या ८२,३०९ बायकांपैकी १३,८६१ जणींचं गर्भाशय काढलेलं होतं. त्यांतल्या कितीतरी तरुण. ही शस्त्रक्रिया गरजेची होती का, हा प्रश्न प्रत्येकीचा आहे, आणि त्याचं उत्तर दोन कागदांवर असतं: आधीची सोनोग्राफी आणि काढलेल्या गर्भाशयाचा हिस्टोपॅथॉलॉजी रिपोर्ट. गर्भाशय तपासणीला पाठवलंच नसेल तर तेही फाइलवरूनच कळतं. सहा-सहा महिने फडावर राहणाऱ्या, पालातल्या पत्र्याच्या पेटीत कागद सांभाळणाऱ्या बाईनं ही फाइल कुणाकडे आणि कशी मागायची? गावातल्या आशाताईंनी आणि महिला गटांनी हे काम अंगावर घेतलं तर होण्यासारखं आहे, कारण अधिकारपत्र दिलं की दुसऱ्या कुणालाही त्या बाईच्या वतीनं प्रती घेता येतात.

सरकारी रुग्णालयाचं थोडं वेगळं. तिथेही ७२ तासांचा नियम लागू आहेच, शिवाय माहिती अधिकाराचा मार्ग आहे. अर्जाला दहा रुपये आणि पानाला दोन रुपये. मानसिक आजारांच्या बाबतीत २०१७ च्या मानसिक आरोग्य कायद्याचं २५ वं कलम रुग्णाला स्वतःच्या मूलभूत वैद्यकीय नोंदी मिळण्याचा हक्क देतं. एखादी माहिती दिल्यानं त्याला गंभीर मानसिक इजा होईल किंवा इतरांना धोका पोहोचेल असं असेल तर तेवढीच रोखता येते, आणि रोखली तर रुग्णाला पुनरावलोकन मंडळाकडे जाता येतं.

प्रती मिळाल्याच नाहीत तर? आधी वैद्यकीय अधीक्षकांना लेखी, स्पीड पोस्टानं. मग शुश्रूषागृहांवर देखरेख ठेवणाऱ्या अधिकाऱ्याकडे, म्हणजे महापालिका हद्दीत आरोग्य अधिकाऱ्याकडे आणि बाहेर जिल्ह्याच्या आरोग्य यंत्रणेकडे. डॉक्टरांविरुद्ध महाराष्ट्र मेडिकल कौन्सिल, आणि नुकसान झालं असेल तर जिल्हा ग्राहक आयोग. तिथे तक्रारीची मुदत दोन वर्षांची आहे हे विसरू नये. बिल थकलं आहे म्हणून प्रती देणार नाही, असं सांगितलं जातं. आचारसंहितेत असा अपवाद लिहिलेला नाही. बिलाची वसुली वेगळी.

आयुष्मान भारत डिजिटल मिशनमधला आभा हा आरोग्य क्रमांक काढला की सगळं आपोआप मोबाइलवर येईल, असा अनेकांचा समज आहे. या मिशनची चौकट चांगली आहे, संमतीशिवाय नोंद पुढे जात नाही ही तिची रचना मला आवडते. पण रुग्णालयानं जे जोडलं तेवढंच तिथे दिसतं, आणि हातानं लिहिलेला औषधांचा तक्ता किंवा भूलतज्ज्ञाचं पान स्कॅन करून जोडलं नाही तर तिथे येत नाही. तूर्त रस्ता एमआरडीच्या खिडकीवरूनच जातो.

अर्ज साध्या मराठीत करावा. रुग्णाचं नाव, आयपीडी क्रमांक, दाखल झाल्याची आणि सुट्टीची तारीख. ‘मेडिकल रिपोर्ट मिळावेत’ असं मोघम लिहू नये; ‘संपूर्ण इनडोअर केसपेपरच्या, डॉक्टरांच्या व नर्सच्या नोंदी, औषधांचा तक्ता, टीपीआर चार्ट, ऑपरेशन व भुलेची नोंद, संमतिपत्रं आणि इम्प्लांटच्या लेबलांसह, पान क्रमांक घातलेल्या व सही-शिक्क्याच्या प्रती’ असं लिहावं. सीटी, एमआरआयच्या फिल्मचा फोटो नको, सीडी मागावी. कारण सांगायची सक्ती नाही. कुणी विचारलंच तर ‘घरी ठेवायला’ हे पुरेसं आहे. रुग्ण स्वतः जात नसेल तर त्याचं अधिकारपत्र आणि दोघांची ओळखपत्रं, रुग्ण हयात नसेल तर नात्याचा पुरावा. अर्ज दोन प्रतींत न्यावा. एक तिथे द्यावी आणि दुसरीवर पोच घ्यावी: शिक्का, सही, तारीख, आणि तारखेशेजारी वेळसुद्धा, कारण मुदत तासांत आहे.